थोरली कृत्तिका

प्रस्तावना

कृत्तिका दिसल्या की त्या मोजायचा मोह कुणाला आवरत नाही. साध्या डोळ्यांना सहा दिसतात. नजर तीक्ष्ण असली आणि आकाश गावाबाहेरचे असले, तर सात, आठ, कधी त्याहून अधिक. पुराणांनी सहा धरल्या: स्कंदाला दूध पाजणाऱ्या सहा माता, आणि त्यांच्यावरून त्याचे नाव पडले कार्तिकेय. तैत्तिरीय परंपरेने सात धरल्या आणि सातही जणींची नावे सांगितली: अंबा, दुला, नितत्नी, अभ्रयन्ती, मेघयन्ती, वर्षयन्ती आणि चुपुणीका. १६१० साली गॅलिलिओने आपली छोटी दुर्बीण तिकडे वळवली आणि छत्तीस तारे चितारले. आज या समूहात हजाराहून अधिक ताऱ्यांची नोंद झाली आहे. हे पुस्तक त्या हजारांतल्या एकाच ताऱ्याविषयी आहे, आणि तो सहांत नाही, सातांत नाही, छत्तीसांतही नाही.

खगोलशास्त्राच्या यादीत त्याचे नाव एलबी १४९७ असे रुक्ष आहे. त्याची दृश्यप्रत साडेसोळा, म्हणजे कृत्तिकांतली सर्वांत तेजस्वी तारका अल्सायनी त्याच्यापेक्षा जवळजवळ तीन लाख पट उजळ दिसते. अल्सायनीच्या ईशान्येला, पौर्णिमेची अडीच-पावणेतीन चंद्रबिंबे ओळीने ठेवता येतील एवढ्या अंतरावर तो आहे. मोठ्या दुर्बिणीतूनही तो एक बारीक, निळसर पांढरा ठिपका दिसतो. आजूबाजूला तसलेच शेकडो ठिपके असतात आणि त्यांतले बहुतेक कृत्तिकांच्या कितीतरी मागे, आकाशगंगेत खोलवर असलेले तारे असतात. सूर्य उचलून कृत्तिकांमध्ये नेऊन ठेवला, तर तो साडेदहाव्या प्रतीचा दिसेल. म्हणजे दृश्य प्रकाशात आपला मध्यमवर्गीय सूर्यही या ताऱ्यापेक्षा अडीचशे पट उजळ ठरतो.

तरीही, एके काळी हा त्या समूहातल्या सर्वांत वजनदार आणि सर्वांत तेजस्वी ताऱ्यांपैकी एक होता. आज आपण ज्यांना कृत्तिका म्हणून ओळखतो त्या सगळ्या तेव्हा त्याच्या धाकट्या होत्या, वयाने नव्हे तर वस्तुमानाने. ताऱ्यांच्या जगात जो जास्त वजनाचा तो आधी संपतो. हा तारा संपला, आणि त्याचा जो गाभा मागे उरला त्याला आपण श्वेतबटू म्हणतो. म्हणून या पुस्तकाला मी ‘थोरली कृत्तिका’ हे नाव दिले आहे.

या पुस्तकात मला एकच गोष्ट सांगायची आहे, ती इथेच सांगून टाकतो. एकटा श्वेतबटू आपल्याबद्दल फार थोडे बोलतो. तो किती तापलेला आहे हे त्याच्या प्रकाशावरून कळते, आणि त्यावरून तो किती काळ निवत आहे याचाही हिशोब करता येतो. पण जन्मला तेव्हा तो केवढा होता, किती वर्षे जगला, त्याने किती गमावले, यांतले काही त्याच्या अंगावर लिहिलेले नसते. ते त्याच्या भावंडांना विचारावे लागते. कृत्तिकांच्या ताऱ्यांनी या एका ताऱ्याविषयी तीन गोष्टी सांगितल्या: त्याचे वय, त्याचे अंतर आणि त्याची गती. या तीन उत्तरांवर ताऱ्यांच्या मृत्यूविषयीचे आपले बरेचसे ज्ञान उभे आहे. पुढची सगळी प्रकरणे म्हणजे या वाक्याचा विस्तार आहे.

मराठी वाचकाचे कृत्तिकांशी नाते जुने आहे. पौर्णिमेचा चंद्र कृत्तिकांच्या जवळ येतो म्हणून महिन्याचे नाव कार्तिक. त्या दिवसांत सूर्य मावळतो आणि पूर्वेला कृत्तिका वर येऊ लागतात. माघ-फाल्गुनात अंधार पडताना त्या जवळजवळ डोक्यावर असतात. महाराष्ट्रातून पाहणाऱ्याला त्या माथ्यापासून थोड्याशाच उत्तरेकडून जाताना दिसतात. पण नाते एवढ्यावर संपत नाही. दापोलीजवळच्या मुरूडचे शंकर बाळकृष्ण दीक्षित यांनी भारतीय ज्योतिषशास्त्राचा इतिहास मराठीत लिहिला आणि तो १८९६ साली प्रसिद्ध झाला. त्यांच्या सर्वांत गाजलेल्या युक्तिवादांपैकी एक कृत्तिकांवरच आहे. शतपथ ब्राह्मणात असे म्हटले आहे की कृत्तिका पूर्व दिशेपासून ढळत नाहीत, इतर नक्षत्रे ढळतात. दीक्षितांनी विचारले: नेमक्या पूर्वेला उगवणारा तारा कोणता? जो खगोलीय विषुववृत्तावर असतो तो. आज कृत्तिका विषुववृत्ताच्या चोवीस अंश उत्तरेला आहेत, म्हणून त्या ईशान्येकडे सरकून उगवतात. पृथ्वीच्या अक्षाच्या संथ भोवऱ्यामुळे हे स्थान सुमारे सव्वीस हजार वर्षांच्या चक्रात बदलत असते. मागे हिशोब करत गेले की कृत्तिका विषुववृत्तावर होत्या तो काळ ख्रिस्तपूर्व ३००० च्या आसपास निघतो. तीनच वर्षांपूर्वी, १८९३ साली, लोकमान्य टिळकांनी आपल्या ‘ओरायन’ ग्रंथात मृगशीर्षाच्या आधारे वेदकाळाची चर्चा केली होती. दीक्षितांच्या निष्कर्षावर पुढे विद्वानांनी आक्षेप घेतले आणि तो वाद अजून मिटलेला नाही. मला इथे महत्त्वाची वाटते ती त्यांची रीत. आकाशातल्या एका साध्या निरीक्षणाला त्यांनी काळाची मोजपट्टी बनवले. या पुस्तकातही तेच करायचे आहे, फक्त पाच हजार वर्षांऐवजी कोट्यवधी वर्षांसाठी.

त्यासाठी आधी एक शंका दूर केली पाहिजे. कृत्तिका खरोखर एकत्र आहेत कशावरून? आकाशातले बहुतेक तारकासमूह हा केवळ दृष्टीचा खेळ असतो. मृगाचे किंवा सप्तर्षींचे सगळे तारे आपल्यापासून सारख्या अंतरावर नाहीत. इंग्लंडमधील धर्मोपदेशक आणि शास्त्रज्ञ जॉन मिचेल यांनी १७६७ साली ही शंका संभाव्यतेच्या गणिताने सोडवली. तारे आकाशात यदृच्छेने विखुरलेले असते, तर कृत्तिकांसारखी दाटी योगायोगाने होण्याची शक्यता सुमारे पाच लाखांत एक, असा त्यांचा हिशोब होता. म्हणजे हे तारे एकमेकांचे कुणीतरी लागतात. पुढे वेधशाळांनी त्यांची सरक मोजली. सगळ्या कृत्तिका आकाशात एकाच दिशेने आणि एकाच वेगाने चालल्या आहेत. तो वेग इतका सावकाश आहे की चंद्रबिंबाची रुंदी ओलांडायला त्यांना सुमारे छत्तीस हजार वर्षे लागतील. ज्या ताऱ्याची चाल या चालीशी जुळते तो घरचा, आणि ज्याची जुळत नाही तो वाटेत दिसणारा परका. एलबी १४९७ घरचा ठरला तो प्रथम याच कसोटीवर.

घरच्या ताऱ्यांचे मोल एजनार हर्ट्झस्प्रुंग यांनी ओळखले. १९११ साली त्यांनी कृत्तिका आणि रोहिणीजवळचा हायडीझ समूह यांतल्या ताऱ्यांचे रंग आणि तेज एकाच आलेखावर मांडले. समूहातले सगळे तारे आपल्यापासून जवळजवळ सारख्याच अंतरावर असतात, त्यामुळे दिसणारा फरक हा खरा फरक असतो. शिवाय ते एकाच वायुमेघातून, एकाच सुमारास जन्मलेले असतात. वय एक, जन्मस्थळ एक, द्रव्य एक. फरक उरतो फक्त वस्तुमानाचा. निसर्गाने एवढा नेटका प्रयोग क्वचितच मांडून ठेवला असेल.

या प्रयोगातली पहिली अडचण अंतराची होती, आणि ती अनपेक्षितपणे अवघड निघाली. युरोपच्या हिप्पार्कस उपग्रहाने १९९७ साली प्रसिद्ध झालेल्या मोजणीत कृत्तिका सुमारे ३९० प्रकाशवर्षांवर ठेवल्या. त्याआधीचा स्वीकारलेला आकडा याहून दहा-बारा टक्क्यांनी मोठा होता. फरक किरकोळ वाटतो, पण तो खरा मानला तर कृत्तिकांचे तारे सिद्धांताने सांगितलेल्या तेजापेक्षा अंधूक ठरत होते. म्हणजे एक तर उपग्रहाच्या मापात काही बिघाड होता, नाहीतर ताऱ्यांच्या रचनेविषयीचे आपले ज्ञान कच्चे होते. या वादात २००४ साली एक महत्त्वाची साक्ष पुढे आली. शाओपेई पॅन, मायकेल शाओ आणि श्रीनिवास कुलकर्णी यांनी ॲटलास या कृत्तिकेची निवड केली. हा खरे तर एकमेकांभोवती फिरणाऱ्या दोन ताऱ्यांचा जोड आहे. दोन-दोन आरशांचा प्रकाश एकत्र आणून सूक्ष्म अंतरे मोजणाऱ्या व्यतिकरणमापीने त्यांनी या जोडीची कक्षा टिपली, आणि कक्षेवरून अंतर काढले ४३४ ते ४४७ प्रकाशवर्षे. कुलकर्णी यांचा जन्म कोल्हापूर जिल्ह्यातल्या कुरुंदवाडचा, हे इथे आवर्जून नोंदवतो. २०१४ साली रेडिओ दुर्बिणींच्या जागतिक जाळ्याने हेच अंतर पुन्हा मोजले, २०१८ साली गाया उपग्रहाने ते पक्के केले: सुमारे ४४४ प्रकाशवर्षे. हिप्पार्कसचा आकडा मागे पडला.

आपल्या ताऱ्यासाठी हा वाद प्राणाचा होता. श्वेतबटूची त्रिज्या त्याच्या तापमानावरून आणि खऱ्या तेजावरून काढतात, आणि खरे तेज अंतरावाचून कळत नाही. कृत्तिका जवळ मानल्या तर हा तारा आणखी लहान ठरतो, आणि श्वेतबटूंच्या बाबतीत लहान म्हणजे अधिक वजनदार. चारशे-साडेचारशे प्रकाशवर्षांवरच्या अंधूक ठिपक्याचे अंतर त्याच्या एकट्यावरून मोजणे गाया येईपर्यंत जमण्यासारखे नव्हते. त्याच्या उजळ बहिणींनी ते मोजू दिले.

दुसरी गोष्ट वयाची. ती कळली समूहातल्या सर्वांत हलक्या सदस्यांकडून. लिथियम हे मूलद्रव्य नाजूक आहे. ताऱ्याच्या गाभ्यात सुमारे पंचवीस लाख अंशांचे तापमान झाले की ते जळून जाते. अतिशय हलके तारे हळूहळू आकसतात आणि तापतात. त्यामुळे त्यांतले जे थोडे वजनदार असतात त्यांचे लिथियम आधी संपते, हलक्यांचे नंतर. समूह जसजसा वयाने वाढतो तसतशी लिथियम असलेल्या आणि नसलेल्या ताऱ्यांमधली सीमारेषा खाली खाली सरकते. १९९८ साली जॉन स्टॉफर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी कृत्तिकांमध्ये ही सीमारेषा शोधली आणि वय ठरवले साडेबारा कोटी वर्षे. तीन वर्षांआधी याच समूहात, १९९५ साली, टेइडे १ हा तपकिरी बटू सापडला होता. तारा होण्याइतके वजन ज्याला मिळाले नाही अशा खगोलाचे ते पहिल्या नि:संदिग्ध उदाहरणांपैकी एक होते. एकाच कुळात एका टोकाला तारा न झालेला जीव आणि दुसऱ्या टोकाला तारापण संपवून बसलेला जीव, आणि दोघेही साडेबारा कोटी वर्षांचे.

आपला सूर्य साडेचारशे कोटींहून अधिक वर्षांचा आहे. त्याच्यासमोर कृत्तिका अगदी तरुण आहेत. त्यामुळेच इथे श्वेतबटू सापडणे हे मुळात कोडे होते.

श्वेतबटू म्हणजे काय, याची कथा आपल्या ओळखीच्या व्याधापासून सुरू होते. १८४४ साली फ्रीडरिख बेसेल यांनी व्याधाच्या चालीत हेलकावा पाहिला आणि त्याला न दिसणारा जोडीदार आहे असे सांगितले. १८६२ साली आल्वन ग्रॅहम क्लार्क यांनी तो पाहिला. १९१५ साली वॉल्टर ॲडम्स यांनी त्याचा वर्णपट घेतला, तेव्हा हा अंधूक तारा थंड व लाल नसून पांढरा आणि अतिशय तप्त आहे असे दिसले. तप्त असूनही अंधूक, म्हणजे आकार फार लहान. आणि वजन मात्र सूर्याएवढे. एवढे द्रव्य पृथ्वीएवढ्या गोळ्यात कसे मावते आणि तिथेच कसे तग धरते, याचे उत्तर १९२६ साली राल्फ फाउलर यांनी नव्या पुंजभौतिकीतून दिले. दाटीवाटीने कोंबलेले इलेक्ट्रॉन आणखी जवळ यायला नकार देतात, आणि तो नकारच ताऱ्याला पेलून धरतो. त्यासाठी उष्णतेची गरज नसते. १९३० साली मुंबईहून युरोपकडे निघालेल्या बोटीवर एकोणीस वर्षांच्या सुब्रह्मण्यन चंद्रशेखर यांनी या सिद्धांतात सापेक्षतेची भर घातली आणि त्यांना एक मर्यादा सापडली. आज तिचे मूल्य सूर्याच्या सुमारे १.४ पट मानतात. त्याहून वजनदार श्वेतबटू टिकूच शकत नाही.

एलबी १४९७ च्या नावातली अक्षरे विलेम लॉयटेन यांच्या निळ्या ताऱ्यांच्या यादीकडे बोट दाखवतात. जावा बेटावर जन्मलेले हे डच शास्त्रज्ञ अमेरिकेत मिनेसोटा विद्यापीठात काम करत. तरुणपणीच एका अपघातात त्यांचा एक डोळा गेला होता, आणि उरलेल्या एका डोळ्याने त्यांनी आयुष्यभर फोटोच्या काचा तपासल्या. सरकणारे तारे, अंधूक पण निळे तारे, असे लाखो ठिपके त्यांनी पारखले. श्वेतबटू हे नाव इंग्रजीत रूढ केले तेही त्यांनीच. १९६० च्या सुमारास त्यांनी आणि लिक वेधशाळेच्या जॉर्ज हर्बिग यांनी हा तारा कृत्तिकांमधला श्वेतबटू म्हणून पुढे आणला. १९६५ साली ओलिन एगन आणि जेसी ग्रीनस्टीन यांच्या श्वेतबटूंच्या यादीत तो पंचविसावा आला. अशा माणसांच्या चिकाटीविषयी मला अपार आदर आहे. निळ्या रंगाची एक पुसट छटा वेगळी ओळखण्यासाठी त्यांनी दशके दिली.

आता कोडे. कृत्तिकांमध्ये अजून सूर्याच्या पाच-सहा पट वजनाचे तारे जिवंत आहेत. अल्सायनी त्यांतली. वजनदार तारा आधी मरतो हा नियम खरा असेल, तर जो आधीच मरून गेला तो निदान तेवढ्याच वजनाचा, किंबहुना अधिक वजनाचा असला पाहिजे. पण चंद्रशेखर सांगतात की श्वेतबटू १.४ पटींपेक्षा जड असूच शकत नाही. म्हणजे सहा पट वजनाने जन्मलेला तारा सव्वापटीच्याही आत येऊन कसा थांबला? उरलेले गेले कुठे? १९६५ साली लॉरेन्स आउअर आणि नेव्हिल वुल्फ यांनी हायडीझमधल्या श्वेतबटूंवरून असाच प्रश्न मांडला आणि उत्तर दिले की तारे मरताना आपले बरेचसे द्रव्य टाकून देत असले पाहिजेत. कृत्तिकांनी तोच मुद्दा आणखी ठळक केला. हायडीझ सुमारे पासष्ट कोटी वर्षांचा जुना समूह आहे आणि तिथले संपलेले तारे मध्यम वजनाचे होते. कृत्तिका तरुण आहेत, म्हणून इथे संपलेला तारा खऱ्या अर्थाने भारी होता.

या ताऱ्याचे आजचे वजन दोन वाटांनी मोजले गेले. एक वाट वर्णपटाची. त्याच्या पृष्ठभागावर हायड्रोजन आहे आणि प्रचंड गुरुत्वामुळे हायड्रोजनच्या रेषा रुंद झाल्या आहेत. ती रुंदी गुरुत्व सांगते. दुसरी वाट आइन्स्टाइनची. एवढ्या गुरुत्वातून वर येताना प्रकाश आपली थोडी ऊर्जा खर्च करतो आणि त्याच्या रेषा लाल बाजूला सरकतात. अडचण अशी की तारा आपल्यापासून दूर जात असेल तरी रेषा लाल बाजूलाच सरकतात. एकट्या ताऱ्यात हे दोन परिणाम वेगळे करता येत नाहीत. कृत्तिकांमध्ये ते येतात, कारण सगळा समूह कोणत्या गतीने चालला आहे हे इतर ताऱ्यांवरून ठाऊक आहे. ती गती वजा केली की उरते ते गुरुत्वाचे. ही समूहाने दिलेली तिसरी साक्ष. १९९१ साली गॅरी वेग्नर आणि सहकाऱ्यांनी ही मोजणी प्रसिद्ध केली. सरक सेकंदाला ऐंशी किलोमीटरहून अधिक निघाली, आणि वजन सूर्याच्या जेमतेम एक पटीच्या वर. दोन्ही वाटा एकाच ठिकाणी पोचल्या. बहुतेक श्वेतबटू सूर्याच्या ०.६ पट वजनाच्या आसपास असतात, हा त्यांत बराच जड आहे. त्याची त्रिज्या पृथ्वीपेक्षाही थोडी कमी आहे. त्याच्या द्रव्याच्या एका घन सेंटिमीटरचे सरासरी वजन सुमारे तीन टन भरते.

आता साऱ्या पुस्तकाचा कणा असलेली वजाबाकी करू. तारा अजून सुमारे बत्तीस हजार केल्व्हिन इतका तप्त आहे. एवढ्या वजनाच्या श्वेतबटूला इथपर्यंत निवायला अंदाजे साडेपाच कोटी वर्षे लागतात. समूहाचे वय साडेबारा कोटी. साडेबारातून साडेपाच गेले, सात कोटी उरले. एवढे आयुष्य कोणत्या ताऱ्याचे असते? सूर्याच्या सुमारे सहा पट वजनाच्या. सहा पट वजनाने जन्मला आणि एक पट उरला. मधले पाच सूर्यांएवढे द्रव्य त्याने अवकाशात सोडून दिले. तांबडा राक्षसी तारा झाला असताना मंद वाऱ्यासारखे, आणि शेवटी काही हजार वर्षांतच विरून जाणाऱ्या झगमगत्या कवचाच्या रूपाने. त्या द्रव्यात हीलियम होते आणि ताऱ्याच्या पोटात घडलेले नायट्रोजनही. आज कृत्तिकांभोवती फोटोत जी निळी तेजोमेघांची झालर दिसते, ती मात्र या द्रव्याची नाही. तो वाटेत भेटलेला परका धुळीचा मेघ आहे. व्हेस्टो स्लायफर यांनी १९१२ साली दाखवून दिले की तो केवळ ताऱ्यांचा प्रकाश परावर्तित करतो. थोरल्या कृत्तिकेने टाकलेले द्रव्य केव्हाच आकाशगंगेत मिसळून गेले.

साडेपाच कोटी वर्षे हा आकडा महाराष्ट्रातल्या माणसाला कळण्याजोगा आहे. आपल्या सह्याद्रीचा काळा कातळ सुमारे सहा कोटी साठ लाख वर्षांपूर्वी लाव्ह्याच्या थरांवर थर साचून तयार झाला. त्या वेळी हा तारा जिवंत होता आणि आयुष्याच्या अखेरीकडे झुकला होता. राजगडाच्या किंवा हरिश्चंद्रगडाच्या कड्यावर हात ठेवला की त्या ताऱ्याच्या हयातीत गोठलेल्या दगडाला आपला हात लागतो. या आकड्यांत काही दशलक्ष वर्षांची अनिश्चितता आहे, तरी क्रम हाच राहतो.

ही वजाबाकी एका ताऱ्यापुरती राहत नाही. सूर्याच्या साधारण आठ पटींहून वजनदार तारे श्वेतबटू होत नाहीत. त्यांचा गाभा कोसळतो आणि अतिनवताऱ्याचा स्फोट होतो. ही आठाची सीमा नेमकी कुठे आहे यावर बरेच अवलंबून आहे: आकाशगंगेत किती स्फोट होतात, ऑक्सिजनसारखी द्रव्ये किती प्रमाणात तयार होतात, न्यूट्रॉन तारे किती जन्मतात. ती सीमा ठरवायची तर तिच्या जवळ जाऊनही न फुटलेले तारे शोधावे लागतात आणि ते केवढे होते हे सांगावे लागते. तरुण समूहांतले जड श्वेतबटू तेवढ्याचसाठी मोलाचे आहेत, आणि त्या मोजक्या साक्षीदारांत एलबी १४९७ आघाडीवर आहे. आपल्या रक्तातला आणि श्वासातला नायट्रोजन मोठ्या प्रमाणावर अशाच, न फुटता सावकाश विरघळलेल्या ताऱ्यांनी घडवला. खगोलशास्त्राच्या पुस्तकांत स्फोटांची वर्णने फार असतात. या शांत दात्यांवरही कुणीतरी लिहायला हवे, असे मला फार दिवस वाटत होते.

पण एक प्रश्न अजून उघडाच आहे, आणि पुस्तकाची शेवटची प्रकरणे त्यालाच वाहिली आहेत. समूहाच्या हद्दीत असा एकच श्वेतबटू का? त्याच्या जोडीचे आणखी काही जड तारे जन्मले असणार. त्यांचे अवशेष कुठे गेले? काही उजळ ताऱ्यांच्या जोडीला असतील आणि त्यांच्या लखलखाटात दडले असतील. काही समूहातून निसटले असतील. द्रव्य टाकताना ते सगळीकडे सारखे टाकले गेले नाही, तर ताऱ्याला हलकासा धक्का बसतो, आणि सैल बांधलेल्या समूहातून बाहेर पडायला तेवढाही पुरतो. २००६ साली पॉल डॉबी आणि सहकाऱ्यांनी जीडी ५० या श्वेतबटूकडे लक्ष वेधले. तो कृत्तिकांपासून दूर, एरिडॅनस तारकासमूहात, आपल्यापासून केवळ शंभर प्रकाशवर्षांच्या आसपास आहे. त्याचे वजन सूर्याच्या सव्वापटीहून अधिक, म्हणजे चंद्रशेखर मर्यादेच्या अगदी उंबरठ्यावर. इतका जड श्वेतबटू दोन ताऱ्यांच्या मिलनातून झाला असावा असे आधी अनेकांना वाटे. डॉबी यांनी त्याची अवकाशातली चाल कृत्तिकांशी जुळते असे दाखवले. २०१८ साली जोनाथन गान्ये आणि सहकाऱ्यांनी गायाच्या मापांवरून त्याचे नाते एबी डोराडस या जवळच्या विखुरलेल्या समूहाशी जोडले. त्या समूहाचे वय आणि चाल कृत्तिकांच्या इतकी जवळ आहे की दोन्ही एकाच मोठ्या घराण्याच्या शाखा असाव्यात अशी चर्चा आधीपासूनच होती. हा वाद मी पुस्तकात दोन्ही बाजूंनी मांडला आहे आणि निकाल दिलेला नाही, कारण तो देण्याइतका पुरावा मला दिसत नाही.

इथे एका गोड मोहापासून वाचकाला सावध करायला हवे. कृत्तिका सात होत्या, त्यांतली एक हरवली, अशा कथा जगातल्या कितीतरी समाजांत आहेत. ती हरवलेली बहीण म्हणजेच हा विझलेला तारा, असे म्हणावेसे वाटते. पण हा तारा विझला तेव्हा पृथ्वीवर माणूस नव्हता आणि तो यायला अजून कोट्यवधी वर्षे होती. कुणाच्याही आजीने त्याला आकाशात पाहिलेले नाही. सातवीचे उत्तर दुसरीकडे शोधावे लागेल. ॲटलासला अगदी खेटून असलेली आणि तेज बदलणारी प्लायोनी त्यासाठी अधिक योग्य आहे. कथेचे मोल कथेला आहे, ते वाढवण्यासाठी विज्ञानाची उसनवारी करायची गरज नाही.

पुस्तकाची मांडणी सरळ आहे. पहिल्या भागात कृत्तिका: त्यांचे आकाशातले स्थान, परंपरा, अंतर आणि वय. दुसऱ्या भागात श्वेतबटूंचे भौतिकशास्त्र, शालेय गणिताच्या पलीकडे न जाता. तिसऱ्या भागात एलबी १४९७ ची कहाणी आणि तिच्यातून निघणारे प्रश्न. वाचायला सुरुवात करण्यापूर्वी एकदा आकाश पाहावे, एवढी विनंती आहे. वांगणीसारख्या ठिकाणी खगोल मंडळाच्या रात्री होतात, पुण्यात ज्योतिर्विद्या परिसंस्था आहे, आणि नाहीच जमले तर गावाबाहेरचा माळ आणि साधी द्विनेत्री पुरते. द्विनेत्रीत कृत्तिका जितक्या सुंदर दिसतात तितक्या मोठ्या दुर्बिणीतही दिसत नाहीत. आपला तारा त्यात दिसणार नाही. पण ज्यांच्याकडे आठ इंची दुर्बीण आणि कॅमेरा आहे त्यांनी गडद आकाशात तो टिपून पाहावा. नकाशा तिसऱ्या भागात दिला आहे.

शेवटी आकड्यांविषयी. साडेबारा कोटी, साडेपाच कोटी, सहा पट, एक पट: हे सगळे आजचे आकडे आहेत. गायाची नवी मापे येतील, ताऱ्यांची प्रारूपे सुधारतील, आणि यांतला एखादा आकडा थोडाफार हलेल. तसे झाले तर वाचकाने नवा आकडा समासात लिहावा आणि वजाबाकी स्वतः पुन्हा करावी. समूहाच्या वयातून निवण्याचा काळ वजा करायचा, उरलेल्या आयुष्यावरून जन्माचे वजन काढायचे, आणि जन्माच्या वजनातून आजचे वजन वजा करून ताऱ्याने काय दिले ते पाहायचे. एवढी रीत हाती आली, तर कोणत्याही समूहातला कोणताही श्वेतबटू वाचकाला आपला इतिहास सांगू लागेल, आणि हे पुस्तक लिहिण्यामागचा माझा हेतू पुरा होईल.